वास्तुपुरुषाचे विज्ञान

— एक विद्यार्थिनी, एस. वाय. बी. ए.

आमच्या घरी तिन्हीसांजेला वाईट बोलायची बंदी आहे. दिवेलागणीच्या सुमाराला कुणी "नाही जमायचे", "बुडाले सगळे" असे काही बोलले, की आजी चुलीपुढून ओरडते, "आगं, जीभ आवर! वास्तुपुरुष तथास्तु म्हनत आसतो." हा वास्तुपुरुष म्हणे घराच्या पायात असतो आणि दिवसातून केव्हातरी एकदा तथास्तु म्हणतो. नेमका केव्हा, ते कुणालाच ठाऊक नाही. म्हणून चोवीस तास जपून बोलायचे. लहानपणी मी एकदा उलटा प्रयोग करून पाहिला. आठवडाभर घरात फिरताना "मला सायकल मिळणार, मला सायकल मिळणार" असे पुटपुटत राहिले. सायकल काही मिळाली नाही. आजीला विचारले तर म्हणाली, "त्यो वाइटालाच तथास्तु म्हनतो." हे मला तेव्हा फार अन्यायाचे वाटले होते. आजही वाटते, पण त्यात थोडे तथ्य असावे असा संशयही आता येऊ लागला आहे.

मागल्या वर्षी आपल्या भित्तिपत्रकासाठी 'मी शास्त्रज्ञ झाले तर' असा विषय होता. बहुतेकांनी चंद्रावर शेती केली. एकाने परीक्षा रद्द करणारे यंत्र शोधून काढले. मी आमच्या वास्तुपुरुषाच्या डोक्यावर शास्त्राची टोपी घातली आणि अर्ध्या पानाचा एक सिद्धांत रचला. भित्तिपत्रक आठवड्याने उतरले, सिद्धांत मात्र डोक्यातून उतरेना. त्यातच मधल्या काळात घरी एक गोष्ट अशी घडली, की तो थट्टेचा विषय राहिला नाही. म्हणून हा लेख.

मी कलाशाखेची. शास्त्राशी माझा संबंध दहावीच्या परीक्षेबरोबर संपला. पण त्या पुस्तकांतला प्रतिध्वनीचा धडा पक्का लक्षात राहिला आहे. आवाज हवेतून सेकंदाला सुमारे ३४० मीटर जातो. दोन आवाज वेगवेगळे कळायला आपल्या कानाला मध्ये सेकंदाचा दहावा भाग तरी लागतो. त्यामुळे समोरची भिंत किंवा कडा निदान १७ मीटर लांब असेल तरच आपला आवाज परत आलेला आपल्याला वेगळा ऐकू येतो. भिंत नसेल तर तो परतच येत नाही, मोकळ्या रानात विरून जातो.

माझा कल्पित सिद्धांत असा : गोष्ट ही आवाजासारखीच एक लहर आहे. सांगितली की ती निघते, कशावर तरी आपटते आणि काही काळाने परत येते. फक्त परत येताना ती आवाजाच्या रूपात येत नाही, घटनेच्या रूपात येते. आणि मधला काळ जितका मोठा, तितका हा आपलाच आवाज आहे हे ओळखणे अवघड. आपण म्हणतो, "बघा, आम्ही सांगत होतो तसेच झाले!"

असा सिद्धांत कुठल्याही पुस्तकात नाही, तो शोधायला कुणी ग्रंथालयात जाऊ नये. पण कल्पित असला म्हणून त्याला परीक्षेतून सूट कशाला? आम्हाला कुठे मिळते?

आपल्याकडे ही कल्पना नवी मुळीच नाही. श्रावणातल्या कहाण्या आठवा. आदित्यराणूबाईच्या कहाणीत मोळीविक्या नुसती कहाणी ऐकतो आणि त्याची लाकडाची मोळी सोन्याची होते. माळी ऐकतो आणि त्याच्या विहिरीला पाणी लागते. व्रत केल्याचे फळ पुढचे. इथे नुसते ऐकल्याचेच फळ आहे. जगात आणखी कुठे गोष्टीने स्वतःबद्दल इतका मोठा दावा केला असेल असे मला वाटत नाही. मात्र त्यात एक खुबी आहे. कहाणीतली माणसे हवेला कहाणी सांगत नाहीत. आधी ऐकणारा शोधून आणावा लागतो, उपाशी का असेना, पण माणूस लागतो. माझ्या सिद्धांताची भिंत ती हीच.

भिंत नसली तर काय होते ते १९६२ साली सबंध देशाने पाहिले. माझ्या जन्माच्या कितीतरी आधीची गोष्ट, पण आमच्या गावातले म्हातारे अजून सांगतात. त्या वर्षी फेब्रुवारीत अष्टग्रही होती. सूर्य, चंद्र, मंगळ, बुध, गुरू, शुक्र, शनी आणि केतू असे आठही मकर राशीत जमणार आणि जगबुडी होणार, असे ठिकठिकाणी सांगितले जात होते. यज्ञ झाले, जप झाले, किती तूप जळले त्याची गणती नाही. कोट्यवधी माणसांनी एकच गोष्ट एकाच वेळी इतक्या मनापासून मानल्याची उदाहरणे फार थोडी असतील. आणि ५ फेब्रुवारी उजाडली तशी मावळली. ग्रहांना आपल्या गोष्टी ऐकू येत नाहीत. २१ सप्टेंबर १९९५ ला गणपती दूध पितो अशी बातमी देशभर पसरली, तेव्हाही तेच. दुधाने दुधाच्या नियमाप्रमाणेच वागणूक ठेवली. पृष्ठताणाने ते चमच्यातून ओढले गेले आणि मूर्तीच्या अंगावरून पातळ ओघळाने खाली उतरले. दगडाला गोष्ट ऐकू आली नाही. ऐकू आली ती माणसांना, आणि त्यांच्या रांगा मात्र खऱ्या होत्या!

म्हणजे सिद्धांताचा अर्धा भाग इथेच नापास झाला म्हणायचा. ग्रह, दगड, पाऊस, रोगजंतू यांच्यावर गोष्टीची लहर आपटत नाही. आता उरलेला अर्धा भाग.

रॉबर्ट मर्टन नावाच्या अमेरिकन समाजशास्त्रज्ञाने १९४८ साली एक निबंध लिहिला. त्यात त्याने एक बँक कल्पिली आहे. बँक उत्तम चाललेली. पण एके दिवशी ती बुडणार अशी आवई उठते. ठेवीदार धावत येऊन रांगा लावतात. कुठलीही बँक सगळ्या ठेवी तिजोरीत घालून बसत नाही, पैसे कर्जाऊ दिलेले असतात. एकदम सगळ्यांचे देता येत नाहीत आणि संध्याकाळपर्यंत चांगली बँक खरोखर बुडते. सकाळी जे खोटे होते ते संध्याकाळी खरे झाले, आणि आवई उठवणारा म्हणायला मोकळा की मला आधीच कळले होते. मर्टनने याला स्वतःच स्वतःला खरे करणारे भाकीत म्हटले. आपल्या भागात पतपेढीच्या दारात रांग लागलेली ज्यांनी पाहिली आहे, त्यांना हे समजावून सांगायला नको. (संचालकांनी पैसे खाल्ल्यामुळे बुडणाऱ्या पतपेढ्या वेगळ्या. त्यांना वास्तुपुरुषाची गरज लागत नाही.)

दुसरे उदाहरण आपल्या धंद्यातले, म्हणजे शाळेतले आहे आणि गुरुजनांनी ते जरा लक्ष देऊन वाचावे अशी विनंती आहे. रोझेन्थाल आणि जेकबसन या दोघांनी १९६८ साली आपला एक प्रयोग प्रसिद्ध केला. अमेरिकेतल्या एका प्राथमिक शाळेत मुलांची बुद्धिमापन चाचणी घेतली आणि शिक्षकांना काही नावे दिली : ही मुले यंदा एकदम पुढे जातील, असे चाचणीवरून दिसते. वास्तविक ती नावे चिठ्ठ्या टाकून काढावीत तशी काढली होती, चाचणीशी त्यांचा काही संबंध नव्हता. वर्षाअखेर पुन्हा चाचणी घेतली, तर पहिली-दुसरीतली ती मुले इतरांपेक्षा खरोखरच पुढे गेलेली आढळली. पुढे या प्रयोगावर पुष्कळ टीका झाली. वरच्या वर्गांत फरक जवळजवळ नव्हताच, आणि नंतरच्या अभ्यासांत परिणाम निघाला तोही लहानच. तेव्हा शिक्षकाने मनात आणले की दगडाचा देव होतो, असा याचा अर्थ कुणी काढू नये. पण लहान का होईना, फरक आहे. आणि ज्यांची नावे कुठल्याच यादीत कधी नसतात, त्यांना तो लहान वाटत नाही. मागच्या बाकावर बसून मी हे अनुभवाने सांगते.

हा प्रतिध्वनी किती भयंकर असू शकतो हे आपल्याच राज्यात दिसले. १ जुलै २०१८ ला धुळे जिल्ह्यातल्या साक्री तालुक्यात राईनपाडा येथे पाच माणसांना जमावाने मारून टाकले. नाथपंथी डवरी गोसावी समाजाची, मंगळवेढ्याकडची, भिक्षा मागत फिरणारी माणसे. मुले पळवणारी टोळी आली आहे, अशी गोष्ट त्या दिवसांत फोनवरून गावोगाव फिरत होती. या माणसांनी कुणाचेही मूल पळवले नव्हते. त्यांना ग्रामपंचायतीच्या खोलीत कोंडून मारले गेले. आपण म्हणतो फोनने मारले. पण फोन आला तो काल-परवा. फिरस्ता म्हणजे चोर, ही गोष्ट आपल्या गावांत त्याच्या कितीतरी आधीपासून सांगितली जात होती. इंग्रजांनी तर १८७१ साली त्या गोष्टीचा कायदाच केला आणि काही जमाती जन्माने गुन्हेगार ठरवून टाकल्या. त्यांच्यावर हजेरी लादली, सोलापूरला तर तारेच्या कुंपणाआड वसाहत केली. ज्याला चोर म्हणून कुणी कामावर ठेवत नाही, त्याने उद्या पोटासाठी चोरी केली की गोष्ट खरी! तो कायदा १९५२ साली रद्द झाला. पण कायदा रद्द झाला म्हणून गोष्ट रद्द होत नाही. तिला रद्द करायला लक्ष्मण माने यांना १९८० साली 'उपरा' आणि लक्ष्मण गायकवाड यांना १९८७ साली 'उचल्या' लिहावे लागले, आणि तरी राईनपाडा झालेच.

आता उलटा पक्ष. आपल्या सभागृहात मध्यंतरी एका वक्त्यांचे भाषण झाले. विषय यशाची गुरुकिल्ली. स्वप्न बघा, ते मोठ्याने बोला, सारे विश्व तुमच्यासाठी कामाला लागेल, असे त्यांचे म्हणणे. टाळ्या पुष्कळ पडल्या, मीही वाजवल्या. नंतर एसटीच्या थांब्यावर उभी असताना मला माझी सायकल आठवली. हा तर आमचा वास्तुपुरुषच, फक्त याने सूट घातला आहे! विश्व म्हणजे कोण? ग्रह ऐकत नाहीत हे तर १९६२ सालीच ठरले. रस्त्यावरच्या दिव्याखाली अभ्यास करून अधिकारी झालेल्या मुलाची गोष्ट ते सांगत होते. ती खरीही असेल. पण तीच ती गोष्ट पुन्हा पुन्हा सांगितल्याने आणखी एक लहर निघते आणि ती आमच्यासारख्यांवर येऊन आपटते : दिवा रस्त्यावर होता, मग तू का नाही झालीस? घरात दिवा का नव्हता, हे कुणी विचारायचे राहूनच जाते.

आणखी एक जात आहे गोष्टींची, आणि माझ्या मते सगळ्यात चिवट तीच. १८३० च्या दशकात विल्यम ॲडम याने बंगालमधल्या शिक्षणाची पाहणी केली, तेव्हा लिहायला-वाचायला शिकलेली मुलगी लवकर विधवा होते अशी समजूत त्याला घरोघर आढळली. आता ही खरी का खोटी हे कसे ठरवणार? ठरवायचे तर मुली शिकल्या पाहिजेत. आणि गोष्ट तर म्हणते, शिकवू नका. म्हणजे ही गोष्ट स्वतः परीक्षेला बसत नाही आणि परीक्षेच्या खोलीला बाहेरून कुलूप घालून किल्ली आपल्या कमरेला लावते. जोतीराव आणि सावित्रीबाई फुल्यांनी १८४८ साली पुण्यात भिडे वाड्यात शाळा काढली, तेव्हा त्या मुलींना अक्षरओळख झाली हे तर झालेच. पण ते कुलूपही तुटले. नुसत्या वादविवादाने ते तुटले नसते.

हे मी पुस्तकातून वाचून लिहिते आहे असे कुणाला वाटेल. पण अशाच एका कुलपाच्या आतल्या बाजूला मी वाढले.

आमच्या घरात 'लाभणे' हे क्रियापद फार महत्त्वाचे आहे. आम्हाला पांढरा बैल लाभत नाही. ओढ्याकडची पट्टी लाभली नाही. आणि शाळा लाभत नाही. या तिसऱ्याला कारण आहे. माझ्या आजोबांचे थोरले भाऊ फार हुशार होते. गावात सातवी पास झाले. पणजोबांनी त्यांना तालुक्याच्या गावी हायस्कुलात घातले. तिथे अभ्यास करकरून त्यांच्या डोक्यात ताप शिरला आणि शाळेतच त्यांचा अंत झाला. गोष्ट एवढीच. पण ती सांगताना आजीचा आवाज उतरतो. लग्न होऊन ती या घरात आली, त्याच्या आधीच थोरले गेलेले होते. तिने त्यांना पाहिलेलेही नाही. तरी त्यांच्या तापाचे वर्णन ती डोळ्यांनी पाहिल्यासारखे करते.

त्यानंतर काय झाले ते बघा. आत्या चौथीत पहिली आली. तिला घरी बसवले, कारण लाभत नाही. माझ्या वडिलांनी नववी अर्ध्यावर सोडली. ते नांगरामागे गेले म्हणून सुटली, पण घरात सांगतात ते असे, की त्यालाही नाही लाभली. चुलत्यांचे तेच. आता तुम्ही माझ्या आजीला विचारा, ती बोटे मोजून दाखवील : थोरला, मग लेक, मग दोन्ही ल्योक. चार-चार दाखले! शास्त्रज्ञाला याहून जास्त पुरावा काय लागतो? यातले तीन दाखले त्या गोष्टीनेच तयार केले आहेत, हे तिला दिसत नाही. मलाही कुठे दिसत होते?

मी अकरावीला गेले ती कुणाच्या भाषणाने नव्हे. मुलींना एसटीचा पास फुकट होता आणि वडील एका रात्री जेवता जेवता म्हणाले, "जाऊ द्या तिला. बघू." त्या 'बघू'वर मी इथपर्यंत आले. पहिल्या वर्षाला माझा इंग्रजीचा पेपर राहिला. एटीकेटी ही काही जगावेगळी गोष्ट नाही, आपल्या वर्गात निम्म्यांना होती. पण घरी कळले तेव्हा कुणी रागावले नाही. रागावले असते तर बरे झाले असते. आजी नुसती म्हणाली, "न्हाई लाभत गं बाई आपल्याला," आणि माझ्या पाठीवरून हात फिरवला. माझी मैत्रीण नापास झाली तर ती एकटी नापास होते. मी नापास झाले तर माझ्याबरोबर थोरले आजोबा, आत्या, वडील, चुलते सगळे पुन्हा एकदा नापास होतात. आणि यंदा दहावीला असलेली माझी चुलत बहीण पेपर लिहायच्या आधीच नापास होते. अकरावीला तिला पाठवायचे की नाही याचा निकाल माझ्या इंग्रजीच्या मार्कांवर लागणार, असा हा प्रकार. तो पेपर मी पुढच्या खेपेला सोडवला. पास झाले ४१ मार्कांनी. पण त्या ४१ चा घरात कुणी दाखला मोजला नाही. पास झाल्याचे दाखले मोजायची आमच्याकडे पद्धतच नाही. 'वाइटालाच तथास्तु' याचा अर्थ मला त्या दिवशी कळला.

आता ती घटना. जातीच्या दाखल्याच्या पडताळणीसाठी घराण्यातली जुनी नोंद लागते हे आपल्यापैकी अनेकांना माहीत आहे. आजोबा शाळेत गेलेलेच नव्हते. तेव्हा थोरल्यांची नोंद शोधायला वडील आणि मी दिवाळीच्या सुट्टीत तालुक्याच्या हायस्कुलात गेलो. कारकुनांनी जनरल रजिस्टर काढले. पाने पिवळी, कडा हात लावताच झडणाऱ्या. वडील अक्षरावरून बोट फिरवत होते, पण वाचत मी होते. नाव. जात. जन्मतारीख. प्रगती चांगली. वर्तणूक चांगली. शाळा सोडल्याची तारीख ३० जून १९५८. शाळा सोडण्याचे कारण : फी बाकी राहिल्याने नाव कमी केले.

मी पुन्हा वाचले. मग तहसील कचेरीतून कोतवाल बुकाची नक्कल मिळवली. तीत थोरल्यांच्या मृत्यूची नोंद सप्टेंबर १९६० ची आहे. वय १७, कारण ताप. म्हणजे ते शाळेत गेलेच नाहीत! शाळा सुटल्यावर सव्वादोन वर्षांनी गेले. मधल्या काळात ते काय करत होते? गावात त्यांच्याबरोबर सातवीपर्यंत शिकलेले एक आजोबा अजून आहेत. त्यांना विचारले. ते म्हणाले, "विहिरी खांदायच्या कामावर होता की. दोन पावसाळं काढलं त्यानं. चिखलात, गारठ्यात. लई वाईट व्हायचं बघताना, अक्षर मोत्यावानी हुतं त्याचं."

परत येताना एसटीत वडील खिडकीबाहेर बघत बसले होते. आमचे गाव येईपर्यंत ते एकच वाक्य बोलले, "म्हातारबांनी कधी सांगितलं न्हाई." म्हातारबा म्हणजे माझे पणजोबा. मी त्यांच्याबद्दल पुष्कळ विचार केला आहे. सुरुवातीला राग आला. मग वाटले, पोराची फी भरता आली नाही, म्हणून ते विहिरीवर गेले, म्हणून आजारी पडले, हे वाक्य उराशी घेऊन एका बापाने किती वर्षे काढायची? त्यापेक्षा 'लाभली नाही' हे सोपे आहे. त्यात कुणाचा दोष नाही, सावकाराचा नाही, सरकारचा नाही आणि बापाचाही नाही. त्यांनी बहुधा कुणाला फसवायला गोष्ट सांगितली नसावी, स्वतःला झोप यावी म्हणून सांगितली असावी. पण फी थकली यावर काही इलाज करता येतो, आज नाही तर उद्या. लाभत नाही यावर इलाज नाही. थकलेली फी एका माणसाची होती. न लाभणे सगळ्या घराण्याचे झाले.

आणि प्रतिध्वनीचे गणित इथे जमते. साठ-पासष्ट वर्षांपूर्वी एका दुःखी माणसाने हळू आवाजात एक वाक्य म्हटले. ते आत्यावर आपटले, वडिलांवर आपटले आणि इतक्या काळाने माझ्यापर्यंत आले की तो म्हातारबांचा आवाज आहे हे कुणालाच ओळखू आले नाही. आम्हाला वाटले नशीब बोलते आहे.

आमच्या एका प्राध्यापकांना हे सांगितले तेव्हा त्यांनी शंका काढली. ते म्हणाले, "तुझी आत्या शिकली असती तर तिची फी कोणी भरली असती? गोष्ट नसती तरी ती घरीच बसली असती." शंका रास्त आहे. गरिबी गोष्टीने आणली नाही आणि गोष्ट बदलल्याने जाणारही नाही. फी ऐकत नाही, ग्रहांसारखीच. म्हणूनच सूटवाल्या वास्तुपुरुषावर माझा विश्वास नाही. पण आत्याच्या वेळी फीचा प्रश्न निघालाच नाही, हे मी विचारून घेतले आहे. कुणी हिशोब केला नाही, कुणापुढे हात पसरला नाही, सवलत आहे का हे बघितले नाही. गोष्टीने तो प्रश्न विचारूच दिला नाही. माझ्या सिद्धांताचे म्हणणे एवढेच उरले आहे, आणि तेवढ्यावर मी वाद घालायला तयार आहे.

रजिस्टरच्या पानाचा फोटो मी फोनवर काढून आणला होता. चार-पाच दिवस तो आजीला दाखवायचे धाडस झाले नाही. एका संध्याकाळी ती दिवा लावून बसली होती. चुलत बहीण बाजूला भूमितीची आकृती काढत होती. मी आजीजवळ बसले आणि वाचून दाखवले. नाव, जात, तारीख, कारण. आजीला वाचता येत नाही. तिने फोन हातात घेतला आणि उजेडाकडे धरून बराच वेळ बघितला.

"म्हंजी साळंत न्हाई गेला?" तिने विचारले.

"नाही आजी. साळंतनं नाव काढलं. मग दोन वर्सांनी गेले."

तिन्हीसांजेची वेळ होती. गेले, नाव काढले, असले सगळे शब्द मी बोलून गेले होते, तरी तिने मला आवरले नाही. फोन माझ्या हातात परत दिला. वात जराशी पुढे सारली. बहिणीने कंपास खाली ठेवून आमच्याकडे पाहिले.

"फी किती व्हती?" आजीने विचारले.

ते रजिस्टरात लिहिलेले नव्हते.